ज्याचं सोंग त्याच्यासमोर

आमच्या गावाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर भानुदासभाऊजी गेल्याची बातमी पडली, तेव्हा पहिल्या तिघांनी तिच्यावर हसरे चेहरे टाकले. चौथ्याने लिहिलं, ‘भाऊ, या टायमाला फोटो झकास निवडला.’ यात कुणाचा दुष्टावा नव्हता. मागे एकदा भाऊजींनीच स्वतःच्या श्रद्धांजलीचा फलक करून त्या ग्रुपवर टाकला होता. चौकाचौकात लागतात ना, तसा. कोपऱ्यात पोस्टाच्या तिकिटाएवढे स्वर्गवासी, आणि उरलेल्या जागेत शोकाकुल पुढाऱ्यांचे मोठाले चेहरे. भाऊजींनी पुढाऱ्यांच्या जागी गावातले बैल आणि एक बोकड बसवला होता. त्यामुळे आता खरी बातमी आली तरी अर्धा गाव पुढच्या गमतीची वाट बघत बसला. मी दवाखान्याच्या कॉरिडॉरमध्ये उभी होते. गावाकडून फोन आला, “मॅडम, ह्ये त्यांचंच काम हाय ना?” मी म्हटलं, “नाही हो… या वेळी त्यांचं नाही.” पलीकडच्या माणसाने फोन ठेवला, आणि मग ग्रुपवरचे हसरे चेहरे एकेक करून पुसले गेले. भाऊजी असते तर म्हणाले असते की पुसले कशाला, राहू द्यायचे होते. मला मात्र त्या क्षणी त्या तिघांचा राग आला होता, हे खरं.

भाऊजी म्हणजे माझे धाकटे दीर. नागापूरच्या एमआयडीसीत त्यांनी सगळी नोकरी लेथ मशीनवर काढली. सावेडीत दोघा भावांनी मिळून घर बांधलं. खाली आम्ही, वर ते आणि माझी जाऊ शकुंतला, आमची शकू. मी शाळेत इतिहास शिकवत होते, त्यामुळे आमच्या घरात एक माणूस लोखंड तासायचा आणि एक माणूस पोरांना तासायचा, असं ते पाहुण्यांना माझी ओळख करून देताना सांगत. गाव श्रीगोंदा तालुक्यात, उसाच्या पट्ट्यातलं. शहरात राहून त्यांची बोली कणभर बदलली नाही आणि गावाची ओढही. वर्षातले बाकी सण कंपनीच्या सुट्टीप्रमाणे व्हायचे, पण धुळवडीला मात्र रजा मिळो न मिळो, मोटरसायकल गावाच्या रस्त्याला लागायची. कारण धुळवडीला आमच्या गावात सोंगं निघतात, आणि भाऊजी गावाचे सोंगाडे होते.

या सोंगांचा एक रिवाज आहे, तो सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. सोंग देवादिकांचं नसतं, गावातल्याच माणसांचं असतं. कुणी पाण्याची पाळी चोरली, कुणी नव्या ट्रॅक्टरला लिंबू-मिरची बांधून तोच ट्रॅक्टर ओढ्यात घातला, कुणी सोसायटीचा चेअरमन झाल्यावर चालायची ढब बदलली, अशा सगळ्यांची नक्कल पारावर होते. पण ज्याचं सोंग, त्याने पहिल्या रांगेत समोर बसलं पाहिजे. त्याच्यासाठी तिथे वेगळं पोतं अंथरलेलं असतं. सोंगाड्याने आदल्या दिवशी त्याच्या घरी जाऊन हात जोडायचे आणि म्हणायचं, “उद्या तुमचं सोंग हाय, पोत्यावर या.” तो नको म्हणाला तर सोंग रद्द. हो म्हणाला तर दुसऱ्या दिवशी गावासमोर स्वतःची नक्कल बघायची, वाटल्यास बसल्या जागेवरून उलट टोला द्यायचा, आणि शेवटी उठून सोंगाड्याच्या कपाळाला गुलाल लावायचा. गुलाल लागला की विषय संपला. नंतर कुणी त्यावरून वाकडं बोललं तर गावच त्याला गप्प करायचं. सहसा नको कुणी म्हणत नसे, कारण पोत्यावर बसायला बोलावणं आलं म्हणजे गावाने आपली दखल घेतली, असाही त्याचा अर्थ होता.

मला पोत्यावर बसवलं ते लग्नानंतरच्या पहिल्याच धुळवडीला. आम्ही तेव्हा गावातच राहत होतो. मी नोकरी करणारी सून, मनगटावर घड्याळ, आणि दर थोड्या वेळाने त्याच्याकडे बघायची खोड. सासूबाईंचं आणि माझं तेव्हा काही बरं चाललेलं नव्हतं. घरात धुसफूस असायची, तोंडावर कुणी बोलत नव्हतं. भाऊजी दारात येऊन म्हणाले, “वैनी, उद्या पोत्यावर या. आई, तू बी.” सासरे चपापले, कुणी बाई आजवर पोत्यावर बसली नव्हती. मी हट्टाने बसले, शेजारी सासूबाई. भाऊजी माझी साडी नेसून, हाताला पितळी डब्याचं झाकण बांधून आले आणि काटवटीसमोर बसले. एक भाकरी थापली, झाकणाकडे बघितलं आणि म्हणाले, “तास संपला. राहिलेली भाकरी उद्या घ्या, गृहपाठ म्हणून.” गाव हसला. मग तेच सासूबाई झाले आणि दारात उभं राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगू लागले, “सून लई शिकलेली हाय आमची… आमी तिला चूल फुकायला ठिवलीय.” तेव्हा मात्र हसता हसता लोक सासूबाईंकडे बघू लागले, आणि सासूबाई पदराआड हसत होत्या. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या स्वतः भाकरी थापायला बसल्या आणि मान वर न करता मला म्हणाल्या, “जा, तुझा तास हुईल.” वर्षभर माझ्या नवऱ्याला जे समजावून सांगता आलं नव्हतं, ते त्याच्या धाकट्या भावाने साडी नेसून करून दाखवलं.

भाऊजी निवृत्त झाले आणि त्यांच्या हातात मोठा मोबाईल आला. पहिल्यांदा कुणीतरी पाठवलेलं मीम त्यांनी मला आणून दाखवलं तो दिवस आठवतो. मी गॅलरीत पेपर वाचत होते. एका पुढाऱ्याचं चित्र, खाली भलतीच ओळ. भाऊजी ते चित्र बोटांनी मोठं करत म्हणाले, “वैनी, ह्ये तर सोंग हाय. नुसतं मोबाईलात बसवलंय.” मग त्यांना नादच लागला. दोन बोटांनी शिकले, पण झकास शिकले. संध्याकाळचा चहा झाला की गॅलरीत आमचा वर्ग भरायचा, आणि विद्यार्थी नेमकं कोण होतं हे मला आजही सांगता येणार नाही. मी त्यांना सांगायची, बहुरूपी पोलिसाच्या वेशात दाराशी येऊन दम भरायचा, तेव्हा लोक खऱ्या पोलिसाचीच भीती हसून घालवत होते. तमाशातल्या बतावणीत नोकर मालकाची उडवतो, आणि ते ऐकायला मालकच पुढे लोडाला टेकून बसलेला असतो. शंभरएक वर्षांपूर्वी गावोगाव जलसे व्हायचे, त्यात लग्नातल्या उधळपट्टीची आणि भोंदूगिरीची टर उडवून लोकांची मतं वळवली जायची. पेपरातली व्यंगचित्रं त्यानंतरची. भाऊजींना यातलं पुष्कळ माझ्याआधीच ठाऊक असायचं, फक्त तारखेशिवाय. ते भर घालायचे, “आन् भिंती इसरला का? इलेक्शनला गेरूनं गाढव काढायचे, त्याच्या डोक्याला टोपी. सकाळी सगळा गाव टोपी वळखायचा.”

एकदा मी त्यांना विचारलं, की अशा चेष्टेने माणसाचं मत खरंच बदलतं का? भाषणाने नाही बदलत, हिशेब दाखवून नाही बदलत, मग एका चित्राने कसं बदलेल? ते म्हणाले, “मत न्हाई बदलत वैनी. मनात आधीच आसतं, पन बोलायची चोरी आसते. एकजन हसला की बाकीच्यांना बोलायला मोकळीक व्हती.” मी इतकी वर्षं इतिहास शिकवला, पण हे असं सरळ मला कधी मांडता आलं नव्हतं. तरी मास्तरकी अंगात मुरलेली, म्हणून मी वाद घातलाच. म्हटलं, भाऊजी, तुम्ही मीमला सोंगाचं लेकरू समजता, ते चुकतंय. निवडणुकीच्या आदल्या दिवशी पहाटे दाराखालून निनावी पत्रकं सरकवलेली असायची, आठवतात? अमक्याच्या सुनेचं असं, तमक्याच्या मुलाचं तसं. छापणाऱ्याचं नाव नाही, उत्तर द्यायला वेळ नाही. हे मीम त्या पत्रकाच्या घरातलं आहे. सोंग करणारा पारावर उभा असतो, पत्रक टाकणारा कुठे असतो? भाऊजींना हे झोंबलं. म्हणाले, “माझं एक तरी निनावी आसतं का? मी नाव टाकतो खाली.” आणि ते खरंच होतं. त्यांच्या प्रत्येक चित्राखाली ‘सोंगाड्या भानुदास’ असं लिहिलेलं असायचं. शिवाय मोबाईलवरही त्यांनी गावचा रिवाज चालवला होता. ज्याचं चित्र करायचं त्याला आधी फोन, “उद्या पोत्यावर या.” तो ज्या ग्रुपवर असेल त्याच ग्रुपवर टाकायचं, म्हणजे त्याला तिथल्या तिथे उलट बोलता येईल. मागून कुणाचं काही नाही.

मग ग्रामपंचायतीची निवडणूक लागली, आणि सरपंचपदाला अण्णा उभे राहिले. अण्णा म्हणजे भाऊजींचे बालमित्र. शाळेत एका बाकावर, ओढ्यात एका डोहात. अण्णा माळकरी. गळ्यात तुळशीची माळ, सुपारीचंसुद्धा व्यसन नाही, स्वभाव अगदी साधा, आणि मधुमेहामुळे बसल्या जागी डोळा लागायची सवय. भाऊजी अर्थातच त्यांच्या बाजूने होते. सोसायटीच्या वार्षिक सभेत अण्णा लोडाला टेकून, मान कलती करून झोपलेले, असा एक फोटो भाऊजींनी काढून ठेवला होता. त्यांनी अण्णांना फोन केला, रिवाजाप्रमाणे विचारलं आणि दुसऱ्या दिवशी तो फोटो गावाच्या ग्रुपवर टाकला. खाली ओळ : ‘अण्णा गावाच्या विकासाचं स्वप्न बघताना. कृपया आवाज करू नये.’ पाचच मिनिटांत अण्णांचं उत्तर आलं, ‘सपनात तूच आला, म्हनून दचकून उठलो.’ गाव दोन दिवस हसत होता. अण्णांना स्वतःवरची चेष्टा चालते, माणूस मोकळा आहे, असं लोक चावडीवर बोलू लागले. भाऊजी मला म्हणाले, “बगा वैनी, भाषनं करून एवडी मतं फिरली नसती.”

मतदानाला थोडे दिवस उरले असताना तोच फोटो फिरून आला, पण वेगळा होऊन. खालची ओळ कापलेली, भाऊजींचं नावही कापलेलं. अण्णांच्या सैल पडलेल्या हाताजवळ एक बाटली चिकटवलेली, आणि वर ठळक अक्षरांत : ‘गळ्यात माळ, हातात बाटली.’ कुणी केलं ते कधीच कळलं नाही. समोरच्या पॅनलचे लोक म्हणाले, आमचा काही संबंध नाही. कदाचित खरंही असेल. गावात राहणाऱ्यांनी तो फोटो बघितला आणि सोडून दिला, कारण त्यांनी अण्णांना रोज पाहिलेलं, आणि मूळ फोटोवर ते आधीच हसून झालेले. पण गावाची बरीच मतं बाहेर असतात. कुणी पुण्याला, कुणी चाकणला कामाला, मतदानाच्या दिवशी गाडीने येणार आणि संध्याकाळी परत जाणार. त्यांच्याकडे हसणारं चित्र पोचलंच नव्हतं, बाटलीवालं तेवढं पोचलं होतं. ते गाडीतून उतरले ते ठरवूनच उतरले. अण्णा थोडक्यात पडले. निकालाच्या दिवशी सावेडीच्या घरात भाऊजी टीव्हीसमोर बसून होते, आणि टीव्ही बंद होता.

मी तेव्हा त्यांना ‘बघा, मी म्हणत होते’ असं म्हटलं नाही, एवढं तरी शहाणपण मला होतं. तेच म्हणाले, “तुमचं खरं निघालं वैनी. सोंगाच्या पोटी पत्रक जलमलं.” आणि मग जे बोलले ते अजून कानात आहे. “पन पत्रकाला कागद मी दिला.” पुढच्या आठवड्यात ते गावी जाऊन अण्णांना भेटले. मीही बरोबर होते. अण्णा वैरण टाकत होते. भाऊजींनी बोलायला तोंड उघडलं तर अण्णा म्हणाले, “तू काय केलंस? तू तर समोर केलंस. चहा घ्या मॅडम.” बस, एवढंच. ना राग, ना टोमणा. पोलिसांत तक्रार करू म्हटलं तर म्हणाले, “कुनाकुनाच्या मोबाईलमागं पोलीस धावनार?” भाऊजींना वाटत होतं की अण्णांनी चार शिव्या द्याव्यात. ते शिव्या देईनात, आणि पूर्वीसारखे हसेनात. फोनवर बोलायचे, लग्नकार्यात भेटायचे, पण भाऊजींनी काही गंमत केली की नुसती मान हलवायचे. पन्नासएक वर्षांची मैत्री मोडली नाही, तिच्यातला आवाज गेला. त्यातून पराभव एक वेळ विसरला गेला असता, पण बाटली विसरली जाईना. साखर कारखान्यावर ऊस घालायला गेलं की वजनकाट्याजवळचा कुणी अनोळखी माणूस अण्णांच्या माळेकडे बघून गालात हसायचा. माणूस माळेला जपतो म्हणजे काय, हे ज्याच्या घरात माळ आहे त्यालाच कळतं.

त्यानंतर भाऊजींचं एकच काम होतं, अण्णांची ती बाटली काढायची. त्यांनी मूळ फोटो शोधून शोधून ग्रुपवर टाकला, ‘हा खरा, तो खोटा.’ लोकांनी खाली अंगठ्याचं चित्र टाकलं आणि विसरले, पुढे कुणी पाठवला नाही. मग त्यांनी अण्णांच्या बाजूने एक मीम केलं, दोन केली. मला दाखवली. मी ती बघून मोबाईल परत दिला, तेव्हा म्हणाले, “हसू येत न्हाई ना?” येत नव्हतं. खरं सांगायला गेलं की ते चित्र शाळेच्या फळ्यावरच्या सुविचारासारखं दिसायचं. खोट्याला पाय फुटतात ते हसण्यामुळे, आणि खुलासा ऐकून कुणी हसत नाही. मी आयुष्यभर मुलांना सांगत आले की पुरावा दिला की असत्य मागे हटतं. गॅलरीत बसून भाऊजींचा तो उद्योग बघताना मला माझ्याच धड्यांची शंका येऊ लागली, आणि ती अजून गेलेली नाही.

शेवटी त्यांना एकच रस्ता दिसला, तो पारावरचा. पुढच्या धुळवडीला त्यांनी सोंग लावलं. आदल्या दिवशी अण्णांच्या दारात गेले आणि हात जोडून म्हणाले, “उद्या त्या फोटूचं सोंग हाय. पोत्यावर ये.” अण्णा म्हणाले, “बघू.” दुसऱ्या दिवशी पोतं रिकामं होतं. पण अण्णा आले होते, मागे लिंबाखाली उभे. भाऊजी झोकांड्या खात पारावर आले, गळ्यात चौकट अडकवलेली, हातात बाटली आणि बाटलीत कोरा चहा. लोक खो-खो हसले. भाऊजी बोट नाचवत म्हणाले, “हसू नका. मी अण्णा न्हाई, मी फोटू हाय. घरातनं निघालो तवा शुद्धीत हुतो. ह्या मोबाईलनं जरा पाजली, त्या मोबाईलनं जरा पाजली… चाकनला गेलो तवा मला उभं राहता येईना.” मग त्यांनी समोर बसलेल्या एकेकाकडे बोट करून विचारलं, “तू किती पाजलीस? आन् तू?” हसणं कमी कमी होत गेलं. शेवटी ते स्वतःच्या छातीवर हात ठेवून म्हणाले, “पैला घोट ह्यानं पाजला.” मी लिंबाकडे बघितलं. अण्णा तिथे नव्हते. गुलालाचं ताट तसंच राहिलं, आणि भाऊजींनी पाण्याने तोंड धुतलं. मला त्या दिवशी अण्णांचा राग आला. आता वाटतं, ज्याला लागलं होतं त्याने किती दिवसांत हसायचं हे मी कोण ठरवणारी?

पुढे जे झालं ते भाऊजींनाच सुचलं असतं, इतकं त्यांच्या जातीचं होतं. सोंगाचं कुणीतरी मोबाईलवर चित्रण केलं होतं. त्यातला बोलण्याचा भाग कापून नुसत्या झोकांड्या ठेवल्या गेल्या, आणि ‘रिटायर झाल्यावर काही जणांचे हाल’ अशा नावाने ते चिमूटभर चित्रण जिल्हाभर फिरलं. दोन महिन्यांनी ते आमच्याच एका नातेवाइकाने काळजीपोटी मला पाठवलं. मी जिन्याने वर जाऊन भाऊजींना दाखवलं, म्हटलं, बघा. त्यांनी चष्मा लावून नीट बघितलं, परत बघितलं आणि इतके हसले की शकू आतून बाहेर आली. “चला,” ते म्हणाले, “अण्णाला सोबत झाली.” त्यांच्या तोंडावर कित्येक महिन्यांत न दिसलेलं समाधान होतं. शकू मात्र हसली नाही. तिच्या माहेरच्या एका लग्नात बायकांनी तिला बाजूला घेऊन विचारलं होतं, मारझोड करतात का गं? ज्या माणसाने आयुष्यात चहाशिवाय काही घेतलं नाही, त्याच्याबद्दल! ती आधीच अबोल, त्यात सोंगं आणि मीम हे प्रकरण तिला कधी आवडलं नव्हतं. त्या दिवशी ती भाऊजींना एवढंच म्हणाली, “तुमची सोबत झाली त्यांना. माझ्या सोबतीला कोन हाय?” भाऊजींचं हसू तिथेच थांबलं. मोबाईलवरची चित्रं त्यांनी नंतर हळूहळू सोडली.

ते गेले हृदयविकाराने, सकाळी दाढी करताना. दवाखान्यात नेलं, पण नेण्यात काही अर्थ उरला नव्हता. दहाव्यापर्यंत भेटायला येणारांची रीघ होती. कंपनीतले जुने सोबती, गल्लीतले, गावचे. त्यात एका दुपारी शकूच्या माहेरकडचे लांबचे पाहुणे आले. वरच्या खोलीत सतरंजीवर सगळे बसलेलो. एका कोपऱ्यात अण्णा होते. ते गावाहून रोज येत होते आणि रोज गप्प बसून जात होते. पाहुण्यांनी पाणी घेतलं, हळहळले आणि मग आवाज खाली आणून, पण सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, “पिन्यानंच झालं आसंल… आमी मोबाईलवर बघितलं हुतं.” खोलीतला प्रत्येक माणूस आपापल्या पायाच्या बोटांकडे बघू लागला. शकूची मान खाली गेली. मी तोंड उघडलं, नेहमीप्रमाणे खुलासा करायला. तेवढ्यात अण्णा बोलले.

“पीत हुता की,” ते म्हणाले. “लई पीत हुता.” पाहुण्यांनी वळून बघितलं. अण्णांनी गळ्यातली माळ सदऱ्यातून बाहेर काढून नीट समोर घेतली. “माझ्यासंगंच बसायचा. त्यो पाजायचा, आन् मी फोटूत जाऊन पडायचो.” एक क्षण कुणालाच काही समजलं नाही. पाहुणे माळेकडे बघत होते, अण्णांच्या चेहऱ्याकडे बघत होते, आणि अण्णांच्या मिश्या थरथरत होत्या. पहिल्यांदा हसली ती शकू. तोंडावर पदर दाबून, अंग हलेपर्यंत हसली, मग गावचे हसले, मी हसले, आणि हसता हसता शकूचं रडू फुटलं. नवरा गेल्यापासून ती रडली नव्हती. अण्णाही रडत होते. पाहुणे ओशाळून म्हणाले, “म्हंजे… पीत न्हवते?” त्यांना उत्तर द्यायला कुणी शुद्धीवर नव्हतं. मी इतकी वर्षं खरं-खोटं शिकवलं, पण त्या खोलीत त्या एका वाक्याने जे खोटं कायमचं मेलं, ते मारायला माझ्याकडे शब्द नव्हते. फक्त ज्याने ते ऐकायला हवं होतं तो माणूस भिंतीवरच्या चौकटीत जाऊन बसला होता. मला त्या क्षणी भाऊजींची इतकी आठवण आली की उठून आत जावं लागलं.

आता अण्णा महिन्यातून एकदा साखर तपासायला शहरात येतात, तेव्हा डॉक्टरकडून थेट आमच्याकडे येतात. वर गॅलरीत बसतात. भाऊजी जिथे बसायचे तिथे आम्ही कुणी बसत नव्हतो, अण्णा मात्र पहिल्याच दिवशी सरळ जाऊन बसले आणि आम्हालाही बरं वाटलं. परवा आले, तेव्हा मी त्यांच्याशी बोलत होते. शकू चहा घेऊन आली, कप त्यांच्या हातात दिला आणि म्हणाली, “बिनसाखरेचा हाय अण्णा. फोटू निघाला तरी पडायची भीती न्हाई.” ही शकू, जिने सगळ्या संसारात कुणाची चेष्टा केली नव्हती. अण्णा कप तसाच धरून तिच्याकडे बघत राहिले. मग मला म्हणाले, “मॅडम, ह्या घरात आता जपूनच बसाया पायजे.” शकू आत गेली, आणि स्वयंपाकघरातून तिचं हसणं आम्हाला दोघांना ऐकू आलं.